२५६ गोळ्यांची अफवा

नामको या जपानी कंपनीच्या ‘झेव्हियस’ या आर्केड (नाणं टाकून खेळायच्या यंत्रावरच्या) व्हिडिओ खेळात सोल्व्हालू विमान घेऊन परग्रहवासीयांशी लढताना समोरून ‘बाकुरा’ नावाचे गरगर फिरणारे धातूचे पत्रे येतात. त्यांच्यावर २५६ गोळ्या मारल्या की ते फुटतात, ही दंतकथा १९८०च्या दशकापासून फिरतेय.

फुटत नाहीत. बाकुरा चुकवण्यासाठीच आहे. शिवाय पत्रा काही सेकंदांत पडद्यावरून निघून जातो; तेवढ्यात २५६ गोळ्या लागणार कशा?

मग नेमका हाच आकडा का? संगणकाच्या आठ बिटांत, म्हणजे ० किंवा १ लिहायच्या आठ जागांत, ० ते २५५, म्हणजे २५६ मूल्यं मावतात. त्यामुळे अफवेला तांत्रिक मुलामा चढला. त्यात गोळी लागताच येणारा तो ‘टण्ण’ आवाज! बटण बडवत राहावंसंच वाटतं.