काळ वाकला तर शरीराचं काय होतं? (किट वापरण्याआधी वाचा)

आमचं टाइम डिस्टॉर्शन किट (गोष्टीत किंवा गेममध्ये काळाचा वेग बदललेले झोन दाखवायची कार्डं) घेणारे बहुतेक जण गोष्टी लिहितात किंवा गेम बनवतात आणि सगळ्यांचा पहिला प्रश्न एकच, की काळ हळू चालणाऱ्या झोनमध्ये माणूस गेला तर त्याला आत काय वाटेल. काळ हळू झाल्याचं काहीच नाही वाटणार. हृदय हळू, विचार हळू, मनगटावरचं घड्याळ पण तितकंच हळू, मग फरक कळणार कशावरून? असा झोन अर्थातच कल्पनेतला, पण एकदा तो आहे असं धरलं की पुढचं सगळं आम्ही खऱ्या शरीरावरून आणि खऱ्या फिजिक्सवरून बांधलंय.

थोडासा फरक तर खऱ्या जगातही पडतो. अंतराळवीर स्कॉट केली २०१५-१६ मध्ये ३४० दिवस अंतराळ स्थानकात राहिला, तेवढ्यात पृथ्वीवरच्या जुळ्या भावापेक्षा त्याचं वय सेकंदाच्या साधारण शंभराव्या भागाने कमी वाढलं. आणि २०१० मध्ये अमेरिकेतल्या एनआयएसटी या मोजमापांच्या संस्थेत घड्याळ फक्त ३३ सेंटीमीटर वर उचललं तर ते किंचित पुढे पळतं हे मोजून दाखवलं, म्हणजे उभ्या माणसाचं डोकं पायांपेक्षा कणभर जास्त म्हातारं होतं.

खरी गंमत इथेच आहे. काळ हळू झाल्याने शरीर बिघडत नाही, एकाच शरीराच्या दोन भागांत काळाचा वेग वेगळा झाला की बिघडतं. समजा कमरेखाली वेग निम्मा आहे. हृदय मिनिटाला जवळपास ५ लिटर रक्त फेकतं, त्यातला पायांचा वाटा वरून नेहमीच्या वेगाने येतो पण पुढे निम्म्याच वेगाने सरकतो, त्यामुळे सीमेपाशी धमन्यांत दाब वाढतो आणि शिरांमधून परत येणारं रक्त कमी पडतं. पायाला काटा टोचला तर दुखणंही कमी जाणवतं, कारण वेदना किती हे मज्जातंतू सिग्नल किती भराभर पाठवतात त्यावरून मेंदूला कळतं आणि इथे सिग्नल निम्म्या गतीने येतात. उलट हात वेगवान झोनमध्ये घातला तर साधा स्पर्शसुद्धा बोचरा वाटेल. हे आमच्या बऱ्याच ग्राहकांच्या लक्षात येत नाही, ते फक्त सुरकुत्या आणि पांढरे केस दाखवतात!

सगळ्यात धोका मेंदूला. वजन शरीराच्या २ टक्के पण ऑक्सिजन घेतो २० टक्क्यांच्या आसपास, म्हणून फक्त डोकं दुप्पट वेगाच्या झोनमध्ये गेलं तर त्याला दुप्पट ऑक्सिजन लागेल आणि खाली राहिलेलं हृदय तो लगेच पुरवू शकणार नाही, पात्र बेशुद्ध पडेल.

दोन भागांत आधी कधी पडलेल्या काळाच्या फरकाच्या खुणा दाखवायच्या तर नखं वापरा. हाताची नखं महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढतात, त्यामुळे एका हाताची लांब आणि दुसऱ्याची आखूड असं दिसलं की वाचकाला न सांगता कळतं. तांबड्या पेशी मात्र अंगभर फिरतात, त्यांचं १२० दिवसांचं आयुष्य सरासरीतच जातं, तिथे खूण मिळत नाही.

आता पूर्ण शरीर हळू झोनमध्ये असलं तरी दोन अडचणी राहतातच. वेग निम्मा असेल तर बाहेरचा दिवस आतून १२ तासांचा वाटतो, आणि मेंदूतल्या जवळपास २०,००० पेशींचं मुख्य बॉडी क्लॉक २४ तासांच्या जवळपासच्याच लयीला जुळतं, १२ तासांना नाही, म्हणजे जेट लॅग कधी उतरतच नाही. दुसरी अडचण उष्णतेची. बाहेरून येणारं उष्णतेचं रेडिएशन आत दुप्पट फ्रिक्वेन्सीचं होतं, त्यामुळे २७ डिग्रीची साधी भिंत आतल्या माणसाला ३२७ डिग्रीच्या भिंतीसारखी तापवते (केल्विनमध्ये ३०० चे ६०० होतात). झोनला उष्णता अडवणारं कवच द्या नाहीतर पात्र भाजून निघेल, ही गोष्ट आम्ही प्रत्येकाला फोनवर पण सांगतो.

सीमा ओलांडताना डोकं किंवा पाय आधी घालू नका. पात्राला सीमेला समांतर आडवं ठेवा आणि सगळं अंग एकदम आत ढकला, म्हणजे शरीराचे दोन भाग दोन वेगांत कमीत कमी वेळ राहतील. बाहेर काढतानाही तसंच, आणि झोन दोनपेक्षा जास्त पटीचा असेल तर किटमधलं मधल्या वेगाचं कार्ड आधी लावा, मग पुढचं.