मॅक्सिमम वेगळा आणि इन्फ्लेक्शन पॉइंट वेगळा, ग्राफवर नीट बघा

पावसाळ्यात सोलापुरात सगळ्यांचं लक्ष उजनीवर असतं, म्हणून उदाहरण तिचंच घेतो. दौंडचा विसर्ग, म्हणजे दौंडकडून धरणात येणारं पाणी, वाढत असतो तोवर साठ्याचा ग्राफ अजून अजून उभा होत जातो. मग विसर्ग कमी व्हायला लागतो, तरी पाणी येतच असतं, साठा वाढतच असतो, फक्त ग्राफ आडवा पडायला लागतो. धरणातून पाणी सोडत नाहीत असं धरलं तर विसर्ग सगळ्यात जास्त होता तो क्षण म्हणजे साठ्याचा इन्फ्लेक्शन पॉइंट, म्हणजे जिथे ग्राफचा वाक बदलतो ती जागा. पुढे पाणी सोडायला लागले की साठा टॉपला जाऊन उतरायला लागतो तो मॅक्सिमम, आणि तो नंतर येतो. गल्लत होते कारण दोन्हीकडे काहीतरी झिरो शोधायचं असतं, मॅक्सिमम-मिनिममला पहिला डेरिव्हेटिव्ह (म्हणजे स्लोप, ग्राफचा चढ) आणि इन्फ्लेक्शनला दुसरा (म्हणजे तो स्लोप कसा बदलतोय ते).

आता एक्स क्यूब वजा ३ एक्स स्क्वेअर घ्या. मोबाईलवर डेस्मॉस या ग्राफ काढायच्या अ‍ॅपमध्ये एफ ऑफ एक्स म्हणून टाका आणि ग्राफवर टॅप करा, (०, ०), (२, −४) आणि (३, ०) ला राखाडी ठिपके दिसतील. पहिला मॅक्सिमम, दुसरा मिनिमम, तिसरा नुसता एक्स-अ‍ॅक्सिसला कापतो. इन्फ्लेक्शनला ठिपका येतच नाही! त्यासाठी खालच्या ओळीत एफ डबल डॅश (दुसरा डेरिव्हेटिव्ह) टाकायचं, ६ एक्स वजा ६ ची सरळ रेषा येते, ती एक्स-अ‍ॅक्सिसला १ वर कापते, मग मूळ फंक्शनमध्ये १ घालून (१, −२) मिळतो.

टीआय-८४ या ग्राफिंग कॅल्क्युलेटरवर जरा जपून. त्याच्या कॅल्क मेनूत झिरो, मिनिमम, मॅक्सिमम आहे, इन्फ्लेक्शन नाही. मग फंक्शन वाय-१ मध्ये टाकून वाय-२ मध्ये एन-डेरिव्ह (डेरिव्हेटिव्ह काढायची कमांड) वापरून वाय-१ चा डेरिव्हेटिव्ह काढायचा आणि त्या वाय-२ चा मॅक्सिमम किंवा मिनिमम बघायचा. वरच्या उदाहरणात मिनिमम १ ला येतो आणि स्क्रीनवर वाय बरोबर −३ दिसतं, आणि पोरं तेच उत्तरात लिहून मोकळी होतात. पण ते −३ म्हणजे तिथला स्लोप आहे हो, पॉइंटचा वाय वाय-१ मधूनच घ्यायचा, तो −२.

अजून एक, दुसरा डेरिव्हेटिव्ह झिरो झाला की लगेच इन्फ्लेक्शन म्हणू नका. एक्सचा चौथा घात घ्या, दुसरा डेरिव्हेटिव्ह १२ एक्स स्क्वेअर, तो शून्याला अ‍ॅक्सिसला टेकून परत वर जातो, साइन (प्लस-मायनस) बदलतच नाही, म्हणजे तिथे फक्त मिनिमम. नुसत्या एक्स क्यूबचं नेमकं उलटं, शून्याला स्लोप झिरो आहे पण मॅक्सिमम नाही की मिनिमम नाही, तो इन्फ्लेक्शन. म्हणून कॅल्क्युलेटरने आकडा दिला तरी त्या डेरिव्हेटिव्हचा ग्राफ अ‍ॅक्सिस ओलांडून पलीकडे गेला का ते झूम करून डोळ्याने बघाच.

आणि एक्सच्या घनमुळाच्या दुसऱ्या डेरिव्हेटिव्हला तर कॅल्क मेनूतला झिरो ऑप्शन लावून उपयोग नाही, कारण तो कुठेच शून्य होत नाही, शून्याला तो डिफाइनच नाही, पण डावीकडे प्लस आणि उजवीकडे मायनस आहे, त्यामुळे (०, ०) हा इन्फ्लेक्शन पॉइंटच.