एक शंग म्हणजे किती?

व्हॉट्सॲपवर दर पाच-सहा महिन्यांनी एक निरोप हमखास फिरून येतो. चीनचा पहिला सम्राट छिन शी ह्वांग याच्या मातीच्या सैन्यापाशी सापडलेल्या काशाच्या तलवारींवर म्हणे क्रोमियमचा मुलामा होता. युरोपाला जे विसाव्या शतकात जमलं, ते चिनी कारागिरांना बावीसशे वर्षांपूर्वी येत होतं, असं त्यात ठासून सांगितलेलं असतं. हा दावा आता टिकत नाही. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या तपासणीत दिसलं, की क्रोमियम सापडतं ते मुख्यतः मुठीजवळच्या आणि दांड्याजवळच्या भागांवर, पात्यांवर नव्हे. झाडाच्या चिकापासून केलेलं रोगण त्या काळी लाकडाला आणि मातीच्या पुतळ्यांना लावत. त्या रोगणातलं क्रोमियम शेजारच्या धातूला लागलं. पाती टिकली ती काशातल्या भरपूर कथलामुळे आणि तिथल्या बारीक, किंचित अल्कधर्मी मातीमुळे.

मला खंत वाटते ती वेगळीच. या तलवारींच्या गोष्टीपायी त्याच साम्राज्याची खरोखर थक्क करणारी वस्तू कुणाच्या कानावरच येत नाही. ती शांघायच्या संग्रहालयात आहे. काशाची एक उथळ, आयताकृती डबी आणि तिला एका बाजूने दांडा. हे धान्य मोजायचं माप आहे. आतून १२.४८ सेमी लांब, ६.९७ सेमी रुंद आणि २.३२ सेमी खोल. गुणाकार केला की साधारण २०२ मिलिलीटर येतात. आपल्या चहाच्या मोठ्या कपाएवढं. या मापाचं नाव शंग.

डबीच्या एका बाजूला कोरलेला मजकूर इ. स. पू. ३४४ चा आहे. तेव्हा छिन हे चीनच्या पश्चिम टोकाचं एक राज्य होतं आणि शांग यांग हा तिथला सर्वात प्रभावी मंत्री होता. कायदे, जमिनीची वाटणी, करवसुली, सगळ्याची त्याने नव्याने घडी बसवली. मजकुरात तारीख आहे, शांग यांगचं नाव आहे आणि शेवटी एक वाक्य आहे: सोळा पूर्णांक एक पंचमांश त्सुन म्हणजे एक शंग. त्सुन हे लांबीचं एकक, पण इथे त्याचा अर्थ घन त्सुन असा घ्यायचा.

या वाक्यापाशी थोडं थांबू या. एक त्सुन म्हणजे आजचे सुमारे २.३२ सेमी. डबीच्या मापांना त्याने भागून पाहा. लांबी जवळजवळ ५.४ त्सुन, रुंदी ३ त्सुन, खोली १ त्सुन. ५.४ गुणिले ३ गुणिले १ म्हणजे १६.२. सोळा पूर्णांक एक पंचमांश! भांड्यावर जे लिहिलंय तेच भांड्याच्या आत आहे.

आता यात एवढं विशेष काय? माप बनवायची जुनी आणि सोपी रीत अशी, की राजाकडे एक मूळ भांडं असतं, त्यावरून दुसरं करतात, दुसऱ्यावरून तिसरं. प्रत्येक नकलेत थोडी चूक होते आणि ती पुढच्या नकलेत उतरते. दहाव्या पिढीचं भांडं मूळ भांड्याशी किती जुळतं हे पाहायला ते उचलून राजधानीला न्यावं लागतं. शांग यांगच्या डबीने ही साखळीच तोडली. आकारमानाची व्याख्या लांबीवरून केली, की शेकडो मैलांवरच्या कारागिराला फक्त एक खरी पट्टी पुरते. तिच्यावरून तो शंग घडवू शकतो आणि तपासणाराही त्याच पट्टीने तो तपासू शकतो. लिटर म्हणजे दहा सेंटिमीटर बाजूच्या घनाचं आकारमान, ही व्याख्या फ्रान्सने १७९५ मध्ये केली. विचार तोच आहे.

पण या पद्धतीत एक धोका लपलेला आहे. लांबी, रुंदी, खोली तिन्हींत एकाच दिशेने एकेक टक्क्याची चूक झाली तर आकारमान सुमारे तीन टक्क्यांनी चुकतं. त्यातही खोली फार नाजूक, कारण ती मुळातच २३ मिलिमीटर आहे. कारागिराचा हात एका मिलिमीटरने घसरला की माप ४.३ टक्के चुकलं. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

१९७५ च्या डिसेंबरात हुबेई प्रांतात युनमंग गावाजवळ श्वेइहूदी इथे एक थडगं उघडलं गेलं. आत छिन राज्याचा एक स्थानिक कारकून पुरलेला होता आणि त्याच्या देहाभोवती बांबूच्या अकराशेहून जास्त पट्ट्या रचून ठेवल्या होत्या. बऱ्याच पट्ट्यांवर तो आयुष्यभर ज्यांच्याशी झुंजला असेल ते सरकारी नियम आहेत. त्यात मापांचा नियम आहे. एका शंगच्या मापात एक विसांश शंग किंवा जास्त फरक निघाला, तर जबाबदार अधिकाऱ्याला एका ढालीचा दंड. दहा शंगच्या मापात अर्धा शंग फरक, तर एक चिलखत. शंभर शंगच्या मापात दोन शंग फरक, तरी तेच. वजनकाट्याचा नियम आणखी कडक: १९२० ल्यांगच्या मोठ्या वजनात १६ ल्यांगचा फरक चालत नसे. आठ ते सोळा ल्यांगच्या दरम्यान चूक असेल तर दंड हलका, फक्त एक ढाल.

टक्क्यांत मांडलं तर शंगला ५ टक्के, शंभर शंगच्या मापाला २ टक्के, वजनाला एक टक्क्याहूनही कमी. आजचा अभियंता याला टॉलरन्स म्हणतो, म्हणजे चालवून घेण्याजोगी चूक. माप अगदी बिनचूक असलंच पाहिजे असं हा कायदा म्हणत नाही. किती चुकलं तर चालेल आणि कुठून पुढे चालणार नाही, हे तो सांगतो. लहान भांड्याला जास्त सूट आहे, आणि ते बरोबरच आहे, कारण एक मिलिमीटरची घसरण लहान भांड्याला जास्त भोवते. मघाचे ४.३ टक्के आठवा. शंगच्या खोलीत एक मिलिमीटरची चूक दंडाच्या रेषेच्या जेमतेम अलीकडे राहते. हे ठरवणाऱ्याने हातात पट्टी धरून भांडी बनवली असणार, किंवा बनवणाऱ्यांशी बोलून ठरवलं असणार, असं मला मनापासून वाटतं.

एका चिलखताच्या दंडाची किंमत त्या काळच्या नोंदींनुसार १३४४ नाणी. सरकारचं देणं अंगमेहनतीने फेडणाऱ्याची दिवसाला आठ नाणी वळती होत. म्हणजे १६८ दिवसांचं काम.

आणि हा दंड दुकानदाराला नसून सरकारी अधिकाऱ्याला आहे. छिन राज्य धान्यावर चालत होतं. कर धान्यात, शिधा धान्यात. सरकारी कामावरच्या बंदी पुरुषाला महिन्याला २०० शंग धान्य आणि बाईला १५० शंग, असा नियम याच पट्ट्यांवर आहे. २०० शंग म्हणजे सुमारे ४० लिटर. कोठारातलं माप ५ टक्क्यांनी लहान असेल तर त्या माणसाचे महिन्याला १० शंग जातात, म्हणजे दीड दिवसाचं पोट. उलट कर गोळा करताना मोठं माप वापरलं तर शेतकरी नागवला जातो.

माप बरोबर असूनही धान्य कमी-जास्त भरता येतं, आणि ती युक्ती मराठी माणसाला सांगायला नको. काठाच्या वर जो ढीग राहतो त्याला आपण शीग म्हणतो. उत्साह शिगेला पोहोचतो तो तिथूनच. शांग यांगच्या डबीवर शीग किती राहील? कोरडं धान्य ओतलं की त्याचा उतार साधारण ३० अंशांवर स्थिरावतो असं धरू. डबी जवळजवळ ७ सेमी रुंद, म्हणून ढिगाची उंची २ सेमी. चारही बाजूंनी उतरत्या कौलारू छपरासारखा हा आकार आहे. त्याचं आकारमान येतं सुमारे ७१ मिलिलीटर, म्हणजे मापाच्या ३५ टक्के! तेवढंच धान्य मावणारं घनाकृती भांडं घेतलं तर त्याची बाजू ५.९ सेमी होते आणि शीग १० टक्क्यांच्या आत राहते. कायदा ५ टक्क्यांवर भांडतोय आणि नुसत्या शिगेने ३५ टक्क्यांचा घोळ होऊ शकतो. म्हणून काठावरून फिरवून धान्य सपाट करायची एक काठी असे. तिला चिनी भाषेत ‘काय’ (gài) असं म्हणत. आजच्या चिनी भाषेत ‘सरसकट’ या अर्थाच्या शब्दात तेच अक्षर आहे. ही काठी सरळ आहे की वाकडी, याचीही सरकारी तपासणी होत असे.

ती तपासणी कधी करायची? छिनचा पंतप्रधान ल्यू बुवेई याने इ. स. पू. २३९ च्या सुमारास संकलित करवलेल्या ग्रंथात म्हटलंय, की वसंतात आणि शरदात दिवस-रात्र समान होतात त्या महिन्यांत मापं, वजनं आणि ही काठी तपासावी. यात प्रगत विज्ञान शोधायचा मोह होतो: त्या दिवसांत हवा ना गरम ना थंड, म्हणून धातूचं प्रसरण टाळण्यासाठी हा मुहूर्त! गणित करून पाहू. कासं एका अंशाला लांबीत साधारण एक कोटीत १८० भागांनी वाढतं. आकारमानात त्याच्या तिप्पट. हिवाळा-उन्हाळ्यात ३० अंशांचा फरक धरला तरी शंग ०.१६ टक्क्याने बदलेल. ५ टक्क्यांच्या मुभेपुढे हे नगण्य आहे. दिवस आणि रात्र समान झाली, म्हणून तराजूही समान करा, एवढाच साधा प्रतीकात्मक विचार त्यामागे आहे. प्राचीन लोकांचं कौतुक त्यांनी जे केलं त्यासाठी करावं, आपण त्यांच्या खिशात घातलेल्या गोष्टींसाठी नको.

दुसऱ्या राज्यांत काय चाललं होतं, हेही पाहायला हवं. पूर्वेच्या समुद्रकाठच्या छी राज्यात चार-चारच्या पटीची मापं होती, छिनमध्ये दहाच्या पटीची. इ. स. पू. ५३९ मधल्या एका संवादाची नोंद आहे. छीमधलं एक बलाढ्य घराणं घरच्या वाढवलेल्या मापाने लोकांना धान्य उसनं देई आणि परत घेताना सरकारी लहान मापाने घेई. लोक पाण्यासारखे त्यांच्याकडे वाहत गेले. पुढे हेच घराणं छीच्या गादीवर बसलं. मापातल्या फरकावर राजवंश बदलला!

इ. स. पू. २३० ते २२१ या दहा वर्षांत छिनने सहा राज्यं एकामागून एक जिंकली आणि शेवटचं पडलं ते हेच छी. शाळेच्या पुस्तकात एकीकरण इथे संपतं. पुढे लिपी एक झाली, गाड्यांच्या चाकांमधलं अंतर एक झालं, मधे चौकोनी भोक असलेलं गोल नाणं सर्वत्र ठरलं, हे एका ओळीत येतं. आपल्याकडे इंग्रजी अमलातही मुंबईचा मण २८ पौंडांचा आणि बंगालचा ८२ पौंडांहून मोठा होता. १९५६ चा कायदा होऊन किलो बाजारात रुळेपर्यंत किती वर्षं गेली, ते घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारा. हे काम एका ओळीचं नाही.

छिनला ते पेललं, कारण नवं काही शोधायचं नव्हतं. शांग यांगला इ. स. पू. ३३८ मध्ये छिननेच देहदंड दिला, पण त्याची डबी वापरात राहिली. मापं ठरून १२३ वर्षं झाल्यावर ती पुन्हा राजधानीत आली आणि तिच्या तळावर नवा मजकूर कोरला गेला. चाळीस अक्षरांचा. भावार्थ असा: सव्विसाव्या वर्षी सम्राटाने सर्व राज्यं एक केली, प्रजा निर्धास्त झाली, सम्राट ही पदवी घेतली, मग मंत्री च्वांग आणि वान यांना आज्ञा केली, की मापांच्या नियमांत जिथे भेद किंवा संशय असेल तिथे सर्व स्पष्ट आणि एक करा. एकाच डबीच्या बाजूला आणि तळाला दोन काळांचे मजकूर, आणि शंग तोच.

हीच चाळीस अक्षरं वजनांवर, काशाच्या पत्र्यांवर आणि मातीच्या भांड्यांवर साम्राज्यभर गेली. जिंकलेल्या पूर्वेकडे, आजच्या शान्तोंग प्रांतात, मातीची मापं सापडली आहेत. त्यांच्यावर हा मजकूर चार-चार अक्षरांच्या दहा शिक्क्यांनी ओल्या मातीत उठवलेला आहे. कुंभाराचं काम तर काशाहून अवघड. माती वाळताना आणि भाजताना आकसते. लांबीत १० टक्के आकसली तर आकारमान ०.९ चा घन, म्हणजे ७३ टक्केच उरतं. भट्टीतून २०० मिलिलीटर बाहेर यायला हवे असतील तर चाकावर सुमारे २७५ चं भांडं घडवावं लागेल, आणि माती बदलली की आकडा बदलेल. तरीही सापडलेली छिन मापं शंगला २०० मिलिलीटरच्या आगेमागे बसतात.

साम्राज्य पंधरा वर्षांत कोसळलं. पुढे इ. स. ९ मध्ये सम्राट वांग मांगने घडवलेलं काशाचं अधिकृत माप आज तैपेईच्या राजवाडा संग्रहालयात आहे. त्याचं शंभर शंगचं भांडं सुमारे २०.१ लिटरचं आहे. म्हणजे शंग २०१ मिलिलीटर.

इ. स. ५८२ मध्ये छांगआनमध्ये जमीन खणताना छिन काळातलं एक लोखंडी वजन निघालं. त्यावर तीच चाळीस अक्षरं होती. यान झिथुई नावाच्या विद्वानाने ती स्वतः वाचली. इतिहासग्रंथाच्या प्रतींमध्ये पहिल्या मंत्र्याचं नाव ‘लिन’ असं उतरत आलं होतं. आठशे वर्षं जमिनीत पडलेल्या वजनावर स्वच्छ ‘च्वांग’ होतं. नकलांवरून नकला करताना झालेली चूक त्याने वजनावरून दुरुस्त केली.