अपूर्णांकाचे दशांशरूप

व्यवहारी अपूर्णांकाच्या अंशाला छेदाने भागून, दशांशचिन्हापुढे हवी तितकी स्थळे काढून शेवटचा अंक जवळच्या मूल्याला आणण्याची क्रिया. असे उत्तर बहुधा आसन्न असते, म्हणून ते किती दशांशस्थळांपर्यंत काढले आहे हे सोबत नमूद करतात.

इतिहास : दशांश अपूर्णांकांचे श्रेय दीर्घकाळ सीमॉन स्टेव्हिन यांच्या १५८५ मधील डच पुस्तिकेला दिले जाई. विसाव्या शतकाच्या मध्यास समरकंदच्या अल्-काशी यांच्या ग्रंथाकडे (१४२७) लक्ष वेधले गेले. पुढे हा मान दमास्कस येथे ९५२-५३ च्या सुमारास लिहिणाऱ्या अल्-उक्लिदिसी यांना द्यावा, असे मत मांडले गेले. त्यांनी १९ ही संख्या पाच वेळा निम्मी करून ०.५९३७५ हे उत्तर काढले असून, एककस्थानावर लहान खूण करून पूर्णांक वेगळा दाखवला आहे. मात्र निम्मे करत जाणे म्हणजे कोणत्याही छेदाने भागणे नव्हे. त्या दृष्टीने ११७२ मध्ये अस्-समवअल यांनी केलेला २१० ÷ १३ हा भागाकार अधिक निर्णायक ठरतो. १६ पूर्णांकांपुढे दशांश, शतांश असे करत त्यांनी पाच स्थळे काढली : १, ५, ३, ८, ४. सर्वसामान्य पद्धतीचा आरंभ येथे मानणे अधिक सयुक्तिक दिसते. चीनमधील दशमान मापांची परंपरा याहून जुनी असली, तरी तिचा आणि या धाग्याचा संबंध जोडता येत नाही.

भागाकाराची मांडणी हा वेगळा प्रश्न आहे. भारतात पाटीवर अंक पुसत पुसत भागाकार करीत. कागदावर पुसता येईना तेव्हा अंक खोडण्याची नौकापद्धत आली, असे सामान्यतः मानतात. बाकी खाली उतरवत जाण्याच्या आजच्या मांडणीचा पहिला छापील नमुना म्हणून कालांद्री यांच्या फ्लॉरेन्स येथील अंकगणिताचा (१४९१) उल्लेख होतो.

रीत : वरचेच उदाहरण पुढे नेऊ. २१० ला १३ ने भागल्यावर भागाकार १६ व बाकी २ येते. दशांशचिन्ह देऊन बाकीवर शून्य घेतले की २० झाले. भाग १, बाकी ७. मग ७० : भाग ५, बाकी ५. याच क्रमाने पुढील बाक्या ११, ६, ८ आणि पुन्हा २. बाकी परत आली की अंकही त्याच क्रमाने परत येतात, म्हणून १५३८४६ हा गट अखंड आवर्तित होतो. शून्येतर बाक्या छेदापेक्षा लहानच असल्याने आवर्ती गटाची लांबी १३ बाबत १२ हून अधिक होऊच शकत नाही. प्रत्यक्षात त्या १२ बाक्यांची सहा-सहांची दोन चक्रे पडतात. अतिसंक्षिप्त रूपातील छेदाचे २ व ५ खेरीज मूळ अवयव नसतील, तरच बाकी शून्य होऊन भागाकार थांबतो.

शून्य घेऊनही भाग जात नसेल, तर भागाकारात ० मांडावे लागते. ३/४० मध्ये ३० ला ४० चा भाग जात नाही. तेथील ० राहून गेले की ०.०७५ ऐवजी ०.७५ येते. हाताने केलेल्या भागाकारात ही चूक फार आढळते.

पूर्णांकन : पुढचा अंक ५ किंवा अधिक असल्यास आधीचा एकाने वाढवावा, हा नियम परिचित आहे. पण पुढचा अंक काढण्याचीही गरज नसते. थांबलेल्या जागेची बाकी दुप्पट करून भाजकाशी ताडून पाहावी. अस्-समवअल थांबले तेथे बाकी ८ होती. दुप्पट १६, म्हणजे १३ हून मोठी. म्हणून पाच स्थळांपर्यंतचे जवळचे मूल्य १६.१५३८५ होय, त्यांचे उत्तर पूर्णांकित नसून छाटलेले आहे.

पूर्णांकन एकदाच आणि मूळ मूल्यावरून करावे. ५/१३ = ०.३८४६… याचे दोन स्थळांचे मूल्य ०.३८ आहे, आधी ०.३८५ करून त्याचे पुन्हा पूर्णांकन केल्यास ०.३९ असे चुकीचे उत्तर मिळते. दुप्पट बाकी भाजकाइतकीच आली (उदा., १/८ दोन स्थळांपर्यंत), तर ०.१२ व ०.१३ दोन्ही सारख्याच अंतरावर पडतात. शालेय संकेतानुसार ०.१३ घेतात, संगणकातील अंकगणिताच्या १९८५ च्या प्रमाणकात अशा वेळी शेवटचा अंक सम ठेवण्याची रीत मूलभूत धरली आहे. त्या रीतीने उत्तर ०.१२ येते.