पार्श्वभूमी : करार होण्याआधीचे आर्थर व्हार्टन

आर्थर व्हार्टन यांचं नाव आज निघतं ते ‘पहिले कृष्णवर्णीय व्यावसायिक फुटबॉलपटू’ म्हणून. या बिरुदाला आधार 1889 साली इंग्लंडच्या रॉदरहॅम टाउन क्लबशी झालेल्या कराराचा. पण गोलरक्षक म्हणून त्यांचा ऐन बहराचा काळ त्याआधीच येऊन गेला होता. तेव्हा ते डार्लिंग्टन आणि प्रेस्टन नॉर्थ एंड या क्लबांकडून हौशी म्हणून, म्हणजे मोबदला न घेता, खेळत होते.

जन्म 1865 चा, अक्रातल्या जेम्सटाउनचा. तेव्हाचं गोल्ड कोस्ट, आजचं घाना. वडील मेथडिस्ट या ख्रिस्ती पंथाचे धर्मोपदेशक, मूळचे ग्रेनाडाचे. आई तिथल्या फान्टी जमातीच्या राजघराण्याच्या नात्यातली. मिशनरी होण्याचं शिक्षण घ्यायला ते 1882 साली इंग्लंडला आले, पुढे डार्लिंग्टनच्या क्लीव्हलँड कॉलेजात गेले आणि तिथे मैदानानं धर्मशिक्षणावर मात केली. जुलै 1886 मध्ये लंडनच्या स्टॅमफर्ड ब्रिज मैदानावर (तिथे चेल्सी फुटबॉल क्लब यायला अजून एकोणीस वर्षं होती) त्यांनी हौशी धावपटूंच्या राष्ट्रीय स्पर्धेत 100 यार्ड 10 सेकंदांत पार केले. त्या स्पर्धेत इतकी जलद वेळ आधी कोणीच नोंदवली नव्हती.

इतका वेगवान माणूस गोलात उभा का राहिला, हा प्रश्न आजचा. त्या काळी चेंडू हातात नसतानाही गोलरक्षकाला धडक मारून पाडायला मुभा होती. हातानं खेळण्याला पेनल्टी क्षेत्राची मर्यादा 1912 साली आली. म्हणजे पुढे धावून येणारा, अंगावर येणारी गर्दी चुकवणारा आणि मुठीनं चेंडू लांब उडवणारा माणूस गोलात हवाच होता. व्हार्टन खांबाशी दबा धरून बसत आणि अगदी शेवटच्या क्षणी झेप घेत. 1942 साली एका जुन्या प्रेक्षकानं शेफील्डच्या वृत्तपत्राला लिहिलेल्या पत्रात आठवण सांगितली आहे: व्हार्टननी उडी मारून आडवा दांडा धरला, चेंडू दोन्ही पायांत पकडला आणि चाल करून आलेले तिघे आघाडीवीर जाळ्यात जाऊन पडले.

आता वादाचा मुद्दा. प्रेस्टनमध्ये ते खरोखर हौशी होते का? काही लेखनात त्यांना तिथे ‘अर्धव्यावसायिक’ म्हटलं जातं. शंका घ्यायला जागा आहे, कारण खेळाडूंना पैसे दिल्याबद्दल 1884 साली एफए कपमधून (इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेतून) बाहेर काढला गेलेला क्लब हाच. त्या प्रकरणानंतर पुढच्याच वर्षी या संघटनेला व्यावसायिक खेळाडूंना मान्यता द्यावी लागली. मात्र मान्यता देताना अट घातली गेली: कपमध्ये खेळणारा व्यावसायिक आपल्या क्लबच्या मैदानापासून सहा मैलांच्या आत जन्मलेला तरी असावा किंवा दोन वर्षं तिथे राहिलेला तरी. 1886-87 च्या हंगामात व्हार्टन प्रेस्टनकडून कपच्या उपांत्य फेरीपर्यंत खेळले. अक्रात जन्मलेला, आदल्या दोन वर्षांत डार्लिंग्टनला असलेला माणूस या अटीत बसणारच नव्हता. शिवाय 1887 च्या उन्हाळ्यात स्टरब्रिजला त्यांनी 100 यार्डांचं विजेतेपद राखलं आणि त्या स्पर्धेतही पैसे घेऊन खेळणाऱ्याला प्रवेश नव्हता. प्रवासखर्च, हॉटेलखर्च मिळत असेल. तो हौशी खेळाडूलाही घेता येई. कागदोपत्री तरी ते हौशीच होते आणि फुटबॉल आणि धावणं अशा दोन वेगवेगळ्या संघटनांच्या नियमांतून हेच निघतं.

दुसरा वाद त्यांच्या निर्णयाचा. 1888 साली व्हार्टननी पैशासाठी धावायला सुरुवात केली, शेफील्ड गाठलं आणि हौशी खेळाचे दरवाजे कायमचे बंद झाले. तोवर प्रेस्टनही सुटलं होतं. त्याच शरद ऋतूत बारा क्लबांची लीग, म्हणजे हंगामभर सगळ्यांनी एकमेकांशी खेळायची स्पर्धा, सुरू झाली. प्रेस्टननं त्या हंगामात लीगचे 22 सामने न हरता पार केले आणि एकही गोल न स्वीकारता कप जिंकला. म्हणून ‘व्हार्टननी घोडचूक केली’ असं वारंवार लिहिलं जातं. हा निवाडा अन्यायाचा आहे. निर्णय घेताना लीगचा इतिहास कोणापुढेच नव्हता, तर धावण्याच्या शर्यतींत रोख बक्षिसं आणि पैजा समोर दिसत होत्या. शिवाय त्या कपच्या अंतिम सामन्यात प्रेस्टनचा गोल सांभाळणारा खेळाडूही हौशीच होता: वैद्यकीय पेशातला एक वेल्श माणूस. पेशा हाताशी असलेल्याला हौशी राहणं परवडत होतं. शिक्षण अर्ध्यावर सोडून परमुलखात राहिलेल्या माणसाला ते किती काळ परवडणार? त्यात वर्णावरून होणारी हेटाळणी. जो थंडपणा गोलरक्षकाचा गुण मानावा, त्याचीच प्रेस्टनच्या दिवसांत एका वृत्तपत्रानं वंशावरून टिंगल केली. त्यांना इंग्लंडच्या संघात घ्यावं अशी चर्चा होती. बोलावणं कधीच आलं नाही.

पुढची कारकीर्द थोडक्यात. रॉदरहॅमनंतर 1894 साली शेफील्ड युनायटेड, पण त्याच वेळी तिथे विल्यम ‘फॅटी’ फोक आला आणि व्हार्टन राखीव ठरले. सुंदरलंडविरुद्धचा 1895 मधला सामना हा त्यांचा पहिल्या श्रेणीतला लीग सामना. त्या श्रेणीत खेळलेले ते पहिले कृष्णवर्णीय. मग स्टॅलीब्रिज, अॅश्टन आणि 1902 पर्यंत स्टॉकपोर्ट काउंटी. नंतर यॉर्कशरच्या कोळशाच्या खाणीत मजुरी. 1930 साली एडलिंग्टनला मृत्यू. थडग्यावर नावाचा दगड बसायला 1997 उजाडलं आणि तोही शेफील्डमधल्या वंशवादविरोधी मोहिमेनं लोकांना जागं केलं तेव्हा. 2003 मध्ये इंग्लिश फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला, 2014 मध्ये सेंट जॉर्जेस पार्क या इंग्लिश फुटबॉलच्या राष्ट्रीय केंद्रात पुतळा उभा राहिला.

या सन्मानांबरोबर ‘पहिले’ हा शब्द पक्का होत गेला आणि त्यालाही आव्हान मिळू लागलं. गयानात जन्मलेले अँड्र्यू वॉटसन 1881 सालीच स्कॉटलंडचे कर्णधार होते, अर्थात हौशी. 1887 मध्ये बूटल या इंग्लिश क्लबकडून खेळताना त्यांनाही पैसे मिळाले असावेत, असं काही संशोधक मानतात. तसं सिद्ध झालं तर व्हार्टन यांचं बिरुद जाईल. स्टॅमफर्ड ब्रिजचे 10 सेकंद आणि प्रेस्टनची उपांत्य फेरी मात्र त्या बिरुदावर अवलंबून नाहीत.