पार्श्वभूमी: फ्रेंच सिनेमातले अनोळखी नट आणि ५०७ तासांचं गणित

फ्रान्सच्या समांतर सिनेमात काही चेहरे वर्षानुवर्षं दिसत राहतात. कधी शेजारी, कधी वकील, कधी दोनच वाक्यं बोलणारा डॉक्टर. नाव मात्र कुणाला आठवत नाही. अशा नटांचं घर चालतं ते मानधनाइतकंच बेरोजगारी विम्यातल्या एका खास तरतुदीवर. तिची सुरुवात १९३६ ची, तीही फक्त सिनेतंत्रज्ञांपुरती. कलाकार त्यात आले ते १९६० च्या दशकात. डिसेंबर १९६९ च्या कायद्याने कलाकाराला पगारी नोकर मानलं, मग तो एका दिवसापुरता का आलेला असेना.

बारा महिन्यांत ५०७ तास भरले की पुढचं वर्षभर बिनकामाच्या दिवसांचा भत्ता, असा नियम पुढे रुळला. नटाचे तास मात्र घड्याळावर मोजत नाहीत. त्याला दिवसाचं ठरलेलं मानधन मिळतं, त्याला ‘काशे’ म्हणतात. सुटा काशे १२ तासांचा धरायचा आणि एकाच निर्मात्याकडे सलग पाच किंवा जास्त दिवस काम असेल तर ८ तासांचा. म्हणजे चार दिवसांच्या शूटिंगचे ४८ तास आणि पाच दिवसांचे ४०! छोट्या भूमिकेतल्या नटाला एक दिवस जास्त मिळाला की तोटाच. ही विसंगती २०१६ पर्यंत चालली.

खरी ठिणगी पडली २६ जून २००३ च्या कराराने. मालकांच्या संघटना आणि तीन कामगार संघटनांनी सही केली, पण कलाक्षेत्रात सर्वांत जास्त पाठबळ असलेली संघटना बाहेरच राहिली. ५०७ तास कायम राहिले, मात्र ते भरायची मुदत नटांसाठी साडेदहा महिन्यांवर आणि तंत्रज्ञांसाठी दहा महिन्यांवर आली. भत्ता बारा महिन्यांऐवजी आठ महिने. कागदावर हे किरकोळ वाटतं. पण हिशेबाची वर्षातली ठरलेली तारीखच गेली. २४३ दिवसांचा भत्ता संपला की त्या दिवसापासून मागे मोजायचं, आणि ती तारीख शूटिंग नसलेल्या महिन्यांत आली की नट बाहेर. वर्षात एखाददुसराच सिनेमा मिळणाऱ्यांना हा फटका बसणार, हे आधीच दिसत होतं. त्या जुलैत संपामुळे आव्हिन्यों आणि एक्स-आं-प्रोव्हांसचे महोत्सव रद्द झाले, शहरांच्या पर्यटनालाही झळ बसली.

समर्थकांचा मुद्दा तुटीचा होता, वर्षाला सुमारे एक अब्ज युरो. हा आकडा फसवा आहे. हे लोक सर्वसाधारण विम्यात गेले असते तरी त्यांना भत्ता द्यावाच लागला असता. तो वजा केला की खरी बचत कितीतरी कमी उरते. शिवाय २००४ पासून सरकारलाच बाहेर पडलेल्यांसाठी वेगळा निधी काढावा लागला.

२०१४ च्या करारावर पुन्हा संप झाले. अखेर २०१६ मध्ये बारा महिने आणि ठरलेली तारीख दोन्ही परत आले. प्रत्येक काशे १२ तासांचा झाला, म्हणजे ४३ काशे पुरेसे. अभिनय शिकवण्याचे ७० तासही (पन्नाशीनंतर १२०) आता त्यात धरता येतात.

२०२० मध्ये साथीने शूटिंग थांबलं आणि भत्त्याची मुदत सरसकट ३१ ऑगस्ट २०२१ पर्यंत वाढवली. मार्च २०२१ मध्ये पॅरिसच्या ओदेओं नाट्यगृहात कलाकारांनी ठाण मांडलं. मागणी आणखी एका वर्षाची होती. पदरात चार महिने पडले.