मिरांडा, सोलेदाद

(९ जुलै १९४३ – १८ ऑगस्ट १९७०). स्पॅनिश चित्रपट अभिनेत्री व गायिका. मूळ नाव सोलेदाद रेंदोन ब्वेनो. जन्म सेव्हिल येथे. दहा वर्षांच्या कारकिर्दीत तिने पौराणिक साहसपट, विनोदी चित्रपट, वेस्टर्न अशा नाना प्रकारांत बहुधा दुय्यम भूमिका केल्या आणि काही गाणीही ध्वनिमुद्रित केली. विवाह व मुलाचा जन्म यांनंतर ती काही काळ पडद्यापासून दूर होती. तरीही तिची आज जी ओळख आहे, ती जवळजवळ सर्वस्वी अखेरच्या वर्षातील कामावर उभी आहे.

हे काम दिग्दर्शक हेसूस (जेस) फ्रांको याच्याकडचे. लैंगिकता, हिंसा आणि भय यांच्या भांडवलावर अल्प खर्चात व झपाट्याने काढलेल्या ‘एक्स्प्लॉयटेशन’ चित्रपटांचा तो युरोपातील एक प्रमुख निर्माता-दिग्दर्शक होता. स्पेनचा हुकूमशहा फ्रांको याच्याशी त्याचे केवळ नामसाम्य आहे. दिग्दर्शक फ्रांकोच्याच १९६०च्या एका संगीतपटात तिने किरकोळ भूमिका केली होती. ‘काउंट ड्रॅक्युला’ (१९७०) या चित्रपटात क्रिस्टोफर लीसमवेत तिने ड्रॅक्युलाची बळी ठरणारी लूसी साकारली आणि त्यापाठोपाठ फ्रांकोच्या अनेक चित्रपटांची ती नायिका झाली. हुकूमशाहीतील कडक सेन्सॉरशिपमुळे स्पेनमध्ये असे चित्रपट उघडपणे करणे अवघड होते, म्हणून त्यांपैकी काहींत ती सुसान कोर्डा या टोपणनावाने झळकली.

इस्तंबूलच्या पार्श्वभूमीवरील ‘वाम्पिरोस लेस्बोस’मध्ये ती रक्तपिपासू काउंटेस आहे, तर ‘शी किल्ड इन एक्स्टसी’मध्ये पतीच्या आत्महत्येस कारणीभूत ठरलेल्या डॉक्टरांचा एकेक करून सूड घेणारी विधवा. दोन्ही कथानके तकलादू आहेत आणि नग्नतेचा वापर उघडच गल्लाभरू आहे. परंतु तिच्या स्थिर, विषण्ण नजरेमुळे या पात्रांना जे दुःख लाभते, ते पटकथेत कुठेही लिहिलेले नाही. याची खात्री पटण्यासाठी दिग्दर्शक पेरे पोर्ताबेया याचा ‘कुआदेकुक, व्हाम्पिर’ पाहावा. ‘काउंट ड्रॅक्युला’च्या चित्रीकरणस्थळीच घेतलेल्या या कृष्णधवल चित्रपटात शेवटच्या प्रसंगापर्यंत संवाद ऐकू येत नाहीत, आणि केवळ चेहऱ्याच्या बळावर पडदा व्यापण्याची तिची ताकद तेथे निर्भेळपणे दिसते.

लिस्बनजवळ झालेल्या मोटार अपघातात वयाच्या २७व्या वर्षी तिचा मृत्यू झाला. वर उल्लेखिलेले दोन्ही प्रमुख चित्रपट त्यानंतर, १९७१ मध्ये प्रदर्शित झाले. पुढे १९९५ मध्ये त्यांतील संगीताचे संकलन नव्याने प्रसिद्ध झाले आणि त्याच्या लोकप्रियतेमुळे एक नवा प्रेक्षकवर्ग तिच्या चित्रपटांकडे वळला.